काराध्रसचा हेतू : एका कल्पित पर्वताचे वाचन

कथाकादंबरीत निसर्ग सजीव होऊन वावरू लागला की त्याकडे पाहण्याच्या दोन वाटा समीक्षेला सवयीच्या आहेत. एक वाट अलंकारशास्त्राची. पर्वत रागावला असे म्हटले की तेथे चेतनगुणोक्ती आहे, असे ठरवून आपण पुढे जातो. दुसरी वाट कल्पित जगाच्या नियमांची. त्या जगात पर्वत खरोखरच रागावतात असे गृहीत धरले की प्रश्नच उरत नाही. जे. आर. आर. टोल्किन यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या पहिल्या खंडातील (१९५४) काराध्रस हा पर्वत या दोन्ही वाटा अडवून धरतो. तो नेमका कशा रीतीने अडवतो, हे पाहण्याचा येथे प्रयत्न आहे.

प्रसंग थोडक्यात असा : अंगठी नष्ट करण्यासाठी निघालेले नऊ जण धुक्याच्या पर्वतरांगेतील एका उंच खिंडीतून पलीकडे जाऊ पाहतात. रात्री हिमवादळ सुरू होते, वाऱ्यात चमत्कारिक आवाज ऐकू येतात, कड्यावरून दगड कोसळतात. अखेर त्यांना माघार घ्यावी लागते. घटना एवढीच आहे. मात्र तिचा कर्ता कोण, याविषयी पात्रांमध्ये जो वाद होतो, तो या प्रकरणाचा गाभा आहे.

बोरोमिरला हे शत्रूचे, म्हणजे साउरॉनचे कारस्थान वाटते. तो ज्या देशातून आला, तो मॉर्डोरच्या सीमेला लागून आहे आणि तेथील वादळे साउरॉनच्या हुकमतीत असल्याचे तेथे बोलले जाते. गिम्लीला इतक्या दूरवर शत्रूचा हात पोहोचणे नवलाचे वाटते. हात लांबलाच आहे, असे गॅन्डाल्फ उत्तरतो. दगड आपल्यावर नेम धरून येत आहेत असे बोरोमिर म्हणतो, तेव्हा आरागॉर्न त्याला वाराच म्हणतो, पण त्यामुळे बोरोमिरचे म्हणणे खोटे ठरत नाही, असेही लगेच जोडतो. दोन पायांवर चालणाऱ्यांविषयी प्रेम नसलेल्या, तरीही साउरॉनशी हातमिळवणी न केलेल्या, स्वतःचे हेतू बाळगणाऱ्या पुष्कळ गोष्टी जगात आहेत, असे त्याचे प्रतिपादन आहे. गिम्ली या पर्वताची जुनी दुष्कीर्ती सांगतो : साउरॉनचे नावही या प्रदेशात ऐकू आले नव्हते, तेव्हापासून तो क्रूर म्हणूनच ओळखला जातो. गिम्लीच्या पूर्वजांचे मोरिया याच पर्वतांच्या पोटात आहे, हे लक्षात घेतले की त्याच्या साक्षीचे वजन कळते. गॅन्डाल्फ मात्र वादच मिटवतो. हल्ला परतवता येत नसेल, तर शत्रू कोण याला फारसे महत्त्व नाही, असे त्याचे मत.

येथे प्रत्येकाचे स्पष्टीकरण त्याच्या भूगोलातून आणि इतिहासातून आलेले आहे. त्यांपैकी कोणत्याही एका स्पष्टीकरणाला संहिता प्रमाणपत्र देत नाही. निवेदकाची भाषाही याला अपवाद नाही. परतताना शेवटची दरड कोसळल्यावर पर्वताचा द्वेष जणू संपल्याचे तो सांगतो, पण ‘भासले’ आणि ‘जणू’ या अर्थाच्या शब्दांची ओट घेऊन. प्रकरणाच्या अखेरच्या वाक्यात मात्र ही ओट नाही. काराध्रसने त्यांचा पराभव केला, असे तेथे सरळ विधान आहे. तरीही हे वाक्य काहीच सिद्ध करत नाही, कारण शिखरावरून परतलेला कोणताही गिर्यारोहक हेच म्हणेल. अलंकार कोठे संपतो आणि वस्तुकथन कोठे सुरू होते, हे या वाक्यात ठरवता येत नाही.

तोदोरोव यांनी १९७० साली केलेली मांडणी येथे आठवणे साहजिक आहे. नैसर्गिक आणि अतिनैसर्गिक अशा दोन स्पष्टीकरणांमधील दोलायमानता हा त्यांच्या मते या साहित्यप्रकाराचा प्राण. जेथे अतिनैसर्गिक निमूटपणे स्वीकारले जाते, तेथे ही दोलायमानता संपते आणि निव्वळ अद्भुताचे क्षेत्र सुरू होते. या निकषाने टोल्किन यांची कृती दुसऱ्या क्षेत्रात जाते. तेथे संशयाला जागा नसावी. काराध्रसच्या प्रसंगात मात्र संशय आहे; फक्त त्याचा विषय बदललेला आहे. हे घडू शकते का, असा प्रश्न येथे कोणीच विचारत नाही. विचारला जातो तो प्रश्न असा की, ही इच्छा कोणाची? अद्भुताचा स्वीकार केल्यानंतरही एक अनिश्चितता शिल्लक राहू शकते, हे तोदोरोव यांच्या वर्गीकरणातून निसटते.

यावर एक आक्षेप संभवतो. ‘द सिल्मारिलियन’ (१९७७) मधील सृष्टिकथेनुसार मेल्कोरने सृष्टी बिघडवली आणि कडाक्याची थंडीही त्याच्याच हेतूतून आली. मग काराध्रसचा द्वेष हा त्याच बिघाडाचा अंश मानून गूढ उकलता येणार नाही का? पण त्याच कथेत, त्या थंडीतून मेल्कोरला अभिप्रेत नसलेले हिमाचे सौंदर्य जन्मले, असेही सांगितले आहे. म्हणजे उगम कळला तरी हेतू कळतोच असे नाही. शिवाय उत्तरकालीन संहितेच्या आधारे पूर्वीच्या संहितेतील रिक्त जागा भरणे हे वाचन नव्हे, दुरुस्ती आहे.

अशीच दुरुस्ती पीटर जॅक्सन यांच्या २००१ च्या चित्रपटात झाली. तेथे दूर मनोऱ्यावरून मंत्र म्हणणारा सारुमान हे वादळ घडवतो. नाट्याच्या दृष्टीने हा बदल समजण्याजोगा आहे. प्रतिस्पर्ध्याला चेहरा मिळतो. परंतु त्या क्षणी पर्वत हे केवळ एक हत्यार होते आणि जग दोन छावण्यांत पूर्णपणे वाटले जाते.

टोल्किन यांच्या जगावर सुष्ट-दुष्टाच्या ढोबळ विभागणीचा आरोप वारंवार होतो. तो सर्वस्वी निराधार नाही. परंतु काराध्रस या युद्धात कोणत्याच बाजूने उभा नाही. अंगठी कोणाकडे आहे याच्याशी त्याला कर्तव्य नाही. आपल्या अंगावर कोणी चढू नये, एवढेच त्याचे म्हणणे असावे, आणि तेही खात्रीने सांगता येत नाही. माणसाच्या कथेत सामील व्हायला नकार देणारा असा निसर्ग कादंबरीत असणे हे रचनेतील शैथिल्य मानू नये. त्या युद्धाहून जग मोठे आहे, याचा हा पर्वत पुरावा आहे. आरागॉर्नचे उत्तर म्हणूनच समीक्षकानेही लक्षात ठेवावे असे आहे : त्याला वारा म्हणावे, आणि तरीही दुसऱ्याचे म्हणणे खोटे ठरवू नये.