नऊ नाणी आणि एक फॉरवर्ड

गेल्या दिवाळीत मामाने फॅमिली ग्रुपवर एक मेसेज टाकला. आपण झोपलो की जग विझतं आणि जाग आली की मन ते पुन्हा उभारतं, असं सांगणाऱ्या एका प्राचीन दर्शनाबद्दल तो होता. खाली ऋषींचं नाव. वाचताना माझे कान गरम झाले. ते दर्शन मी आणि माझ्या रूममेटने थर्ड इयरला, पेपरच्या आदल्या रात्री, हॉस्टेलवर रचलं होतं. ऋषींचं नाव मेसच्या काकांवरून घेतलं होतं.

मामाला फोन करून सांगितलं. तो म्हणाला, "अरे, लिहिलं असशील तू. पण विचार खरा आहे ना?"

मला उत्तर सुचलं नाही. ते शोधताना मी होर्हे लुईस बोर्हेसची 'त्लोन, उक्बार, ऑर्बिस तेर्तियस' ही कथा इंग्रजी अनुवादात पुन्हा वाचली. 1940 साली ती ब्युनोस आयर्सच्या 'सूर' मासिकात आली होती. एका मृत रेल्वे इंजिनिअरच्या नावे आलेल्या पार्सलात एका अज्ञात ग्रहाच्या विश्वकोशाचा खंड सापडतो. ग्रहाचं नाव त्लोन. तिथल्या लोकांच्या लेखी जग म्हणजे वस्तू नव्हेत, तर एकामागून एक घडणाऱ्या मानसिक क्रिया. त्यामुळे ग्रहाच्या दक्षिणेकडच्या भाषांत नामंच नाहीत, फक्त कर्त्याशिवायची क्रियापदं.

इंग्रजीत हे विचित्र वाटतं. मराठीत तितकं नाही. 'उजाडलं', 'सांजावलं', 'गडगडतंय', 'मळमळतंय'. कोण उजाडलं? कोणीच नाही. शाळेत याला भावकर्तृक क्रियापद म्हणून दोन मार्कांसाठी पाठ केलं होतं. म्हणजे त्लोनचा एक छोटा तुकडा आपल्या व्याकरणातही आहे.

कथेतला माझा आवडता भाग नऊ नाण्यांचा. मंगळवारी एकाची तांब्याची नऊ नाणी रस्त्यात पडतात. गुरुवारी दुसऱ्याला चार सापडतात, बुधवारच्या पावसाने जरा गंजलेली. शुक्रवारी तिसऱ्याला तीन मिळतात आणि पहिल्याला घरातच दोन. एक पाखंडी म्हणतो, मधल्या काळात कुणी बघत नसतानाही नाणी होतीच. आपल्याला यात वाद घालण्यासारखं काही दिसत नाही. त्लोनवर मात्र गदारोळ होतो. विरोधक म्हणतात, 'हरवली' आणि 'सापडली' या शब्दांतच तू नाणी तीच आहेत हे गृहीत धरलंस. सारखं असणं वेगळं, तेच असणं वेगळं.

हे वाचून मी हसलो नाही, कारण हा बग मी स्वतः प्रॉडक्शनवर नेलाय. दोन ऑब्जेक्टची व्हॅल्यू सारखी, पण मेमरीतला पत्ता वेगळा; मी तुलना पत्त्याची केली आणि एकच ग्राहक सिस्टीमला दोनदा भेटला. त्लोनवाले मूर्ख नाहीत. त्यांचा युक्तिवाद कंपाइल होतो.

अडचण तिथेच आहे. अनेक वाचक ही कथा कल्पनेचा उत्सव म्हणून वाचतात. मला ती टेस्ट केसेसची गोष्ट वाटते. कोड लिहिणाऱ्यानेच टेस्ट लिहिल्या की सगळं हिरवं दिसतं. त्लोनवर प्रत्येक ग्रंथात त्याचा प्रतिग्रंथही असतो, पण दोन्ही बाजू एकाच गुप्त मंडळाने लिहिलेल्या, 40 खंडांत. आपल्याकडे जग म्हणजे केवळ विज्ञप्ती, असं वसुबंधूने खरोखर मांडलं. पण बाह्य वस्तूच नसेल तर एका जागी सगळ्यांना तेच कसं दिसतं, या आक्षेपाला 'विंशतिके'त त्याला तोंड द्यावं लागलं. पुढे शंकराचार्यांनी ब्रह्मसूत्रभाष्यात विज्ञानवाद खोडला: वस्तू प्रत्यक्ष जाणवतात, त्या नाहीत असं कसं म्हणणार? हा पूर्वपक्ष कुणा समितीने वाटून दिलेला नव्हता. समोर खरा माणूस होता आणि तो ऐकणार नव्हता.

आमच्या हॉस्टेलच्या दर्शनाला असा कुणी भेटला नाही. मामाच्या प्रश्नाचं उत्तर बहुधा हेच: मामा, विचार सुबक आहे. खरा आहे की नाही, हे तपासायला कुणी त्याच्याशी भांडलेलंच नाही.

कथेला 1947 ही तारीख टाकलेला ताजा कलम आहे, म्हणजे छापली तेव्हा सात वर्षं पुढची. त्यात त्लोन पृथ्वी गिळू लागतं. शाळांत त्याचाच इतिहास शिकवतात. का? कारण ते नीटनेटकं आहे. बोर्हेस इथे नाझीवादाचं नाव घेतो: ज्यात सुसंगतीचा भास होता, त्याने माणसं भारावली. साल 1940 होतं, हे विसरून ही ओळ वाचता येत नाही.

माझी तक्रार शेवटाबद्दल आहे. निवेदक हॉटेलात बसून टॉमस ब्राउनच्या 'अर्न बरिअल'चा अनुवाद करत राहतो, आणि तोही छापायचा नाही. या शेवटाला शांत प्रतिकार म्हणता येईल. पण ज्याला सगळं माहीत आहे, त्यानेच खोलीचं दार लावून घेतलं, हे मला पटत नाही. कदाचित मीही पाच वर्षं तेच केलं, म्हणून.

त्लोनवर हरवलेल्या वस्तू दुसऱ्यांदा सापडतात. पहिल्याला पेन्सिल मिळते, तो बोलत नाही. दुसऱ्याला आणखी एक मिळते, तितकीच खरी आणि अपेक्षेला जास्त जुळणारी. पहिला गप्प राहतो, म्हणून दुसरी जन्मते असं मला वाटतं.

मी हॉस्टेलच्या वहीतल्या त्या पानाचा फोटो ग्रुपवर टाकला, मेसच्या काकांच्या नावासकट. मावशीने हसण्याचा इमोजी दिला. मामा दोन दिवस काही बोलला नाही. गेल्या आठवड्यात तोच मेसेज एका शाळेतल्या मित्राकडून आला. ऋषी बदलले होते आणि भाषा आमच्यापेक्षा चांगली होती.

त्यालाही फोटो पाठवला.