‘दुर्मीळ निवडुंग’ लिहिण्याआधी

फ्रेरिया इंडिका म्हणजे आपली शिंदळ माकुडी. तिच्यावरच्या लेखांत दोन वाक्यं हमखास असतात: हा ‘दुर्मीळ निवडुंग’ आहे आणि जगातल्या 12 अतिसंकटग्रस्त वनस्पतींपैकी एक आहे. रिव्ह्यू लिहिताना ही वाक्यं जशीच्या तशी उचलू नका.

पहिलं वाक्य सरळ चूक. निवडुंगाचं कुळ मूळचं अमेरिकेतलं; आमच्या वाशिमकडे धुऱ्यावर दिसणारा फड्याही तिकडूनच आलेला. शिंदळ माकुडी रुईच्या कुळातली आणि फक्त महाराष्ट्रातली. दोघांची खोडं मांसल आहेत ती पाणी साठवायला. त्यावरून नातं ठरत नाही.

दुसरं वाक्य जुनं झालंय. डाल्झेलने 1860च्या दशकात जुन्नर भागातून तिची नोंद केली. नंतर पुरंदरसारख्या इतर ठिकाणीही ती सापडली. मग धोका टळला का? नाही. फांदी लावली की ती कुंडीत सहज जगते. पण एकाच झाडाच्या शंभर फांद्या म्हणजे जनुकीयदृष्ट्या एकच झाड! शिवाय कड्यावरच्या वणव्याला, चराईला, दरडीला कुंडी हा उपाय नाही.

म्हणून पेपर वाचताना विचारा: नेमकं काय मोजलं, कुठे आणि कधी? आणि ‘प्रजाती वाचवली’ म्हणजे कुंडीत की कड्यावर?