‘नागिन’ची बीन आणि नागाचे कान

नंदुरबार, शहादा, तळोदा, कुठल्याही वरातीत बँडवाल्यांनी ती धून धरली की एक जण रुमालाचे टोक दातांत धरून ‘पुंगी’ वाजवू लागतो आणि दुसरा हाताचा फणा करून रस्त्यावर लोळतो. धून कुठून आली हे सांगावे लागत नाही. १९५४ सालच्या ‘नागिन’ या हिंदी चित्रपटातली ती बीन. तो चित्रपट आम्ही नुकताच पुन्हा पाहिला. निमित्त होते आमच्या वर्गातल्या एका मुलाचा प्रश्न : “सर, बीन वाजवली की चावलेला नाग परत येऊन विष ओढून घेतो ना?”

नंदलाल जसवंतलाल यांचा हा चित्रपट एका कल्पित अरण्यात घडतो. तिथे नागी आणि रागी अशा दोन टोळ्या आहेत, सापाचे विष विकणाऱ्या आणि एकमेकींच्या वैरी. नागी सरदाराची मुलगी माला (वैजयंतीमाला) रागींच्या सनातनला (प्रदीपकुमार) मारायला निघते आणि त्याची बीन ऐकून जागीच खिळते. पुढे बीन वाजली की तिला जावेच लागते. इथे ‘नागीण’ म्हणजे नागी टोळीतली माणसाची मुलगी, रूप पालटणारी सर्पिणी नव्हे. ती आली १९७६ च्या त्याच नावाच्या चित्रपटात. पण लोकांच्या मनात दोन्ही एकजीव झाले आहेत, आणि पहिल्यातली धून दुसऱ्यातल्या सापाला चिकटली आहे.

कथेतली कल्पना आम्हाला आवडली. ऐकणाऱ्याचे पाय ओढून नेणारा सूर ही जगभरच्या गोष्टींतली जुनी चीज आहे आणि हेमंतकुमारांच्या संगीताने ती पटते. गंमत अशी, की ती बीन बीनच नाही! खऱ्या पुंगीत वाळल्या भोपळ्याला दोन नळ्या असतात. एकीवर सूर फिरतो, दुसरी एकच स्वर अखंड धरून ठेवते. चित्रपटातला आवाज मात्र कल्याणजींनी (पुढे कल्याणजी-आनंदजी या जोडीतले) क्लॅव्हिओलिन या विजेच्या वाद्यावर काढला, जोडीला रवी यांची पेटी. फ्रान्सच्या कॉन्स्टंट मार्टिन यांनी १९४७ च्या सुमारास केलेले हे वाद्य, एका वेळी एकच स्वर देणारे. अरण्यातली जादू रेडिओत असायच्या तशा निर्वात नळ्यांतून आली होती.

हे सांगून झाले की आपण शिक्षक घाईने पुढचे वाक्य टाकतो : “साप बहिरा असतो.” आम्हीही वर्षानुवर्षे टाकले. ते चूक आहे. सापाला बाहेरचा कान नाही, कानाचा पडदा नाही. पण आतला कान आहे आणि त्यातले एकुलते हाड जबड्याला जोडलेले आहे. जमिनीची कंपने तर त्याला कळतातच, शिवाय हवेतून येणारा खालच्या पट्टीतला आवाजही कळतो, ढोबळमानाने ८० ते ६०० हर्ट्झपर्यंतचा, त्यातही खालचा अधिक चांगला. उंच, चिरक्या स्वरांना तो जवळजवळ बंद. गारुड्यापुढे नाग डोलतो तो पुंगीच्या हालचालीवर नजर ठेवून, बचावाच्या पवित्र्यात. वर्गात नादकाटा आपटून त्याचा दांडा हनुवटीला टेकवावा आणि कानांत बोटे घालावीत. जबड्यातून ऐकणे म्हणजे काय ते मुलांना क्षणात कळते.

चित्रपटाचा खरा दोष सापाबाबत नाहीच, माणसांबाबत आहे. आदिवासी म्हणून जे उभे केले आहेत त्यांना एक वाद्य, एक धंदा आणि एक वैर एवढेच दिले आहे. ज्या जिल्ह्यात दर दहांतले जवळपास सात जण आदिवासी आहेत तिथे बसून हे पाहताना अवघडल्यासारखे होते. विष काढून उपजीविका करणारे आदिवासी खरोखर आहेत : तमिळनाडूतल्या इरुळांची सहकारी संस्था १९७८ पासून हे काम करते, आणि त्यांना बीन लागत नाही, आकडी आणि सराव लागतो. त्या विषापासूनच प्रतिसर्पविष बनते.

आता त्या मुलाचा प्रश्न. हसून सोडण्याचा तो नाही. २००० ते २०१९ या काळात भारतात सर्पदंशाने सरासरी वर्षाला सुमारे ५८,००० माणसे दगावली, असा २०२० मध्ये प्रसिद्ध झालेला अंदाज आहे, त्यातली बहुतेक खेड्यांत. अक्राणीच्या एखाद्या पाड्यावरून दवाखाना गाठायला आधीच वेळ लागतो. नाग परत यायची वाट पाहण्यात तासभर गेला तर तो भरून निघत नाही. आम्ही त्याला सांगितले : चावलेला अवयव हलवायचा नाही, कापायचे नाही, आवळून बांधायचे नाही, प्रतिसर्पविष असलेले रुग्णालय गाठायचे. “मग बीन खोटी?” तो म्हणाला. गोष्टीत खरी, असे आम्ही म्हणालो.

दुसऱ्या दिवशी त्याने नवेच काढले. अक्कलकुव्याजवळच्या काठीच्या होळीत मोठाले ढोल वाजतात, ते सापाला ऐकू येत असतील का? आम्ही चमकलो. ढोलाची घुमणारी थाप बरोबर सापाच्या टप्प्यातली, जमिनीतूनही जाणारी! ऑस्ट्रेलियातल्या संशोधकांनी २०२३ मध्ये १९ सापांना ४५० हर्ट्झपर्यंतचे आवाज ऐकवले होते. त्यांतले तैपान आणि ब्राउन स्नेक हे नागाच्याच कुळातले. ते आवाजापासून दूर गेले. आमच्याकडचा नाग काय करील ते कोणी काठीला जाऊन मोजलेले आमच्या ऐकिवात नाही. पण नाचायला तो येईल असे वाटत नाही, हे मुलाला पटले.