माधव गेला, बायका कुठं गेल्या?

'गेला माधव कुणीकडे' बघून हसला नाही असा माणूस मराठी मुलखात शोधावा लागेल. आपले कार्यकर्तेही हसतात. सभेत मनुस्मृतीवर तासभर बोलणारा रात्री मोबाईलवर माधवची धावपळ बघून पोट धरून हसतो. हसू नये असं मी म्हणत नाही. हसल्यानं चळवळ बुडत नाही. पण आपण कुणाला हसलो आणि हसता हसता कुणाच्या बाजूला जाऊन बसलो, हे कधीतरी बघायचं की नाही?

नाटक वसंत सबनीसांचं. नव्वदच्या दशकात प्रशांत दामल्यांनी गाजवलं. एका माधवाला दोन बायका. दोन बिऱ्हाडं, दोघींना एकमेकींचा पत्ता नाही, मधे धावणारा नवरा आणि त्याच्या थापा सावरून घेता घेता स्वतःच फसणारा मित्र. लंडनच्या रंगभूमीवर १९८३ साली रे कूनीचा टॅक्सीवाला हेच दोन बायकांचं गणित सांभाळत होता. म्हणजे माल विलायती वळणाचा. पण मराठीत तो असा मुरला की परका वाटत नाही. का वाटावा? दोन बायकांचा दादला ही काय आपल्याकडं आयात करायची चीज आहे?

कारागिरी पक्की आहे, हे कबूल. एक थाप झाकायला दुसरी, दुसरी झाकायला तिसरी. दामल्यांचं टायमिंग तर असं की चुळबूळ करायला वेळ मिळत नाही. फार्सचं बळच ते. प्रेक्षकाला विचार करायला सवड दिली की फार्स मेला.

मग ती सवड आपण काढू. नाटक बघताना आपल्याला धास्ती कसली असते? माधव पकडला जाईल याची. दार वाजलं की आपला जीव वरखाली. म्हणजे दोन बायांना फसवणाऱ्या गड्याची काळजी सगळं थेटर वाहतं. बायाही वाहतात. त्याला आपण हसतो हे खरं, तो चेष्टेचा विषय आहे हेही खरं. पण ती चेष्टा लाडक्या पोराची. दाराबाहेर उभी आहे ती बाई मात्र 'संकट'. तिनं आत येऊ नये असं आपल्याला वाटायला लागतं. इथंच मला हे नाटक खुपतं.

आता दुसरं एक दार बघा. महाराष्ट्रातलीच गोष्ट. २००५ साली एका बाईचं लग्न झालं. काही महिन्यांनी घरी दुसरी बाई आली, म्हणाली, मी याची बायको. नवऱ्यानं पहिलं लग्न लपवलं होतं. फार्समधला सीन हुबेहूब! फक्त हिच्या पोटात मूल होतं. ती पोटगी मागायला कोर्टात गेली, तर नवऱ्याचा पवित्रा असा: माझी पहिली बायको जिवंत आहे, म्हणजे ही माझी कायदेशीर बायको नाहीच, मग पोटगी कसली? स्वतःचा गुन्हा हाच स्वतःचा बचाव. सबनीसांनासुद्धा अशी कोटी सुचली नसती. प्रकरण सुप्रीम कोर्टापर्यंत गेलं. २०१३ साली कोर्टानं सांगितलं की फसवणाऱ्याला फसवणुकीचा फायदा मिळणार नाही, तिला पोटगी द्या. आठ वर्षं. दोन अंकी नाटकाला एवढा वेळ परवडत नाही.

माधवला भीती कसली? कायद्याची. आणि हा कायदा कुणी मागितला? इथं आपल्या पोरांनी कान टवकारावेत. २० जुलै १९४२ला नागपुरात दलित महिलांची परिषद भरली, सुलोचनाबाई डोंगरे अध्यक्ष. त्या परिषदेनं बाईला घटस्फोटाचा हक्क मागितला आणि पुरुषानं अनेक बायका करायच्या चालीविरुद्ध ठराव केला. या कोण बाया होत्या? मोलमजुरी करणाऱ्या, बहुतेकींना सही येत नसलेल्या, भाकरी बांधून आलेल्या. बाबासाहेबांनी तिथं सांगितलं की लग्न झालेल्या मुलीनं नवऱ्याशी मैत्रिणीसारखं, बरोबरीनं वागावं, त्याची गुलाम होऊ नये. मुंबई सरकारनं हिंदूंच्या द्विभार्या लग्नाला बंदी केली ती १९४६ साली, म्हणजे चार वर्षांनी. एवढ्याशा कायद्याविरुद्धही लोक हायकोर्टात गेले. धर्म बुडाला म्हणाले. पुढं हिंदू कोड बिल अडलं, १९५१ साली बाबासाहेबांनी मंत्रिपद सोडलं, आणि १९५५च्या हिंदू विवाह कायद्यानं देशभर एकपत्नीत्व आलं. बौद्धांनाही हाच कायदा लागू आहे, हे आपल्यातल्या पुष्कळांना माहीत नसतं.

म्हणजे माधवच्या पोटात जो गोळा येतो तो आपल्या आज्यांनी आणलेला गोळा आहे. नाटकात तेवढी नोंद कुठून यायची? ती मागायला गेलं की 'अहो, विनोदी नाटक आहे' असं उत्तर येणार. बरं.

पण कायदा आला म्हणून बाया सुटल्या असं नाही. १९६५ साली सुप्रीम कोर्टात महाराष्ट्रातलंच एक प्रकरण आलं. गड्यानं पहिली असताना दुसरं लग्न केलं, गांधर्व पद्धतीनं. कोर्ट म्हणालं, लग्नाला लागणारे विधी झाल्याचं सिद्ध नाही. म्हणून ते कायद्याच्या लेखी लग्न नाही, म्हणून गुन्हा नाही. गडी सुटला. वाट खुली झाली. दुसरीला घरात आणायचं, हार घालायचा, फोटो काढायचा, चार माणसं जेवू घालायची. सात पावलं तेवढी चालायची नाहीत. खटला झाला तर 'लग्न झालंच नाही' म्हणून मोकळं. सात वर्षांच्या शिक्षेचं कलम पुस्तकात पडून राहतं. १ जुलै २०२४पासून पुस्तक बदललं, भारतीय न्याय संहितेत त्या कलमाला ८२ नंबर मिळाला. माधवला कळलं असतं तर एवढा धावला नसता.

इथपर्यंत सदाशिव पेठेला शिव्या घालून झाल्या. आता आपल्या गल्लीत या. आपल्यात माधव नाहीत का? आहेत. त्यांना धावावं लागत नाही एवढाच फरक. पहिली गावाकडं सासू-सासऱ्यांची उस्तवार करते, नाहीतर शहरात झाडूकाम करून घर चालवते, आणि साहेब दुसरीसोबत स्टेजवर. सगळ्यांना माहीत, कुणी बोलत नाही. बोललं तर 'चळवळीला बदनाम करू नका'. पांढरपेशा माधव निदान लपवतो, म्हणजे निदान भितो तरी. आपला माधव भीतही नाही. आमच्या बायांनी मात्र लिहून ठेवलंय. उर्मिला पवारांचं 'आयदान' वाचा. आंबेडकरी घरातसुद्धा बायकोनं शिकायचं म्हटलं की नवऱ्याचं काय होतं ते त्यात आहे. बेबीताई कांबळ्यांचं 'जिणं आमुचं' वाचा. त्यात हसू आहे, पण ते बाईच्या बाजूनं येतं.

आणि हे हसणं आलं कुठून? सबनीसांनीच १९६५च्या सुमाराला 'विच्छा माझी पुरी करा' लिहिलं. त्याचा सगळा साज तमाशाचा. गण, गवळण, बतावणी, सोंगाड्या. ही दौलत महार-मांग-कोल्हाट्यांच्या फडांनी पोसलेली. त्या वगात सबनीस कोतवालाला हसतात, राजाला हसतात. म्हणजे वरच्याला हसायचं कसं हे त्यांना चांगलं ठाऊक होतं. दिवाणखान्यात आले आणि मालकाची धोतरं सावरत बसले, असं मला वाटतं. सोंगाड्या तोच. मालक बदलला.

भीमराव कर्डकांचे जलसे आठवा. लोकांना हसवत हसवत बाबासाहेबांचं म्हणणं गावकुसाबाहेर पोचवलं त्या माणसांनी. आपण मात्र हसणं सोडून दिलं. आपलं नाटक म्हटलं की आग, रक्त, काळोख. ते हवंच. पण आपला पोरगा हसायला जातो ते माधवकडं, कारण आपण त्याला दुसरं काही दिलं नाही.

तेव्हा जयंतीच्या कार्यक्रमासाठी एक वग सुचवतो, कुणीतरी बसवा. पोलीस ठाणं. दोन बाया एकाच बाकावर बसल्यात, एकीला दुसरी माहीत नाही. दोघी एकाच माणसाची तक्रार द्यायला आल्यात. हवालदार विचारतो, सप्तपदी झाली का? पहिली म्हणते, आमच्यात नसते. दुसरी म्हणते, मला तर चाललेली आठवत नाही, जेवणं मात्र माझ्या बापाच्या पैशानं झाली. मग तो विचारतो, लग्नाची नोंद? महाराष्ट्रात लग्न नोंदवायचा कायदा आहे, कागद दाखवा. दोघी पिशव्या उघडतात. पिशवीतून काय काय निघतं ते ज्यानं त्यानं आपापल्या वस्तीत विचारून लिहावं. नवऱ्याला स्टेजवर आणायची गरज नाही. तो बाहेर फटफटी चालू ठेवून उभा आहे, हॉर्न तेवढा वाजवत राहा.