लिहिणाऱ्या नटाचा कान

नट लेखणी हाती घेतो तेव्हा आपले समीक्षक त्याचे कौतुक करतात, परंतु त्याला लेखकांच्या पंक्तीत सहसा बसवीत नाहीत. नटाचे लेखन म्हणजे त्याने स्वतःसाठी बेतून घेतलेली भूमिका, तो रंगमंचावरून उतरला की संहिताही संपली, असा हा समज आहे. दिलीप प्रभावळकरांच्या लेखनाकडे पाहता तो आम्हांस मान्य होत नाही.

१९४४ साली जन्मलेले प्रभावळकर घराघरांत पोहोचले ते १९७० च्या दशकाच्या उत्तरार्धात, मुंबई दूरदर्शनवरील 'चिमणराव' म्हणून. चिमणरावांचे जनक चिं. वि. जोशी हे बडोद्याचे रहिवासी. मराठीतला हा अस्सल गृहस्थ गुजरातच्या भूमीवर लिहिला गेला, ही गोष्ट आपण इकडील मराठी कुटुंबांनी विसरू नये. दुसऱ्याने निर्मिलेला माणूस असा अंगी मुरवता मुरवता माणूस शब्दांतून कसा उभा राहतो हे या नटाने हेरले असावे, असे आम्हांस वाटते.

१९९१ च्या 'हसवा फसवी'त त्यांनी स्वतःच लिहिलेल्या सहा भूमिका केल्या. या नाटकाचे कथानक विरळ आहे. वेषांतराची गंमत कित्येकदा आशयावर मात करते, हा दोषही आम्ही झाकणार नाही. परंतु जुन्या संगीत रंगभूमीचे वृद्ध नट कृष्णराव हेरंबकर बोलू लागतात तेव्हा वेषांतर विसरायला होते आणि एक मावळता काळच समोर येतो. पुढे याच भूमिका पुष्कर श्रोत्री यांनी केल्या. नट बदलला तरी संहिता उभी राहिली; आमच्या मते हीच तिची खरी कसोटी होय.

'अनुदिनी' ही त्यापुढची पायरी. एका मध्यमवर्गीय कुटुंबाचे जगणे येथे दैनंदिनीच्या रूपाने येते. माणूस चारचौघांत बोलतो एक आणि मनाशी म्हणतो दुसरेच. या दोहोंमधले अंतर नटाला रोजच्या कामातून ठाऊक असते. दैनंदिनीचा घाट त्या अंतराला नेमकी जागा देतो. या लेखनावरून 'श्रीयुत गंगाधर टिपरे' ही मालिका २००१ मध्ये तेव्हाच्या अल्फा मराठी वाहिनीवर सुरू झाली. दिग्दर्शन केदार शिंदे यांचे होते आणि आबांची भूमिका स्वतः प्रभावळकरांची. कटकारस्थानांवाचून, आजोबा, मुलगा, सून आणि नातवंडे यांच्या साध्या बोलण्यावर ही मालिका तोलली गेली. प्रत्येकाची वाक्ये वेगळी, कारण ती आधी कानाने ऐकलेली.

येथे आमची एक तक्रार आहे. टिपऱ्यांच्या घरातली मराठी शहरी, सुशिक्षित वळणाची आहे. ती आपल्याला समजते, आवडतेही. पण भेस्तान, उधना, पांडेसऱ्यातील अनेक घरांत बोलली जाते ती भाषा निराळी. ताप्ती लाइनने खानदेशातून आलेल्या कुटुंबांची अहिराणी, तिच्यात मिसळलेली गुजराती आणि पुस्तकी मराठी असे ते मिश्रण आहे. हा दोष प्रभावळकरांचा नव्हे. ज्याने जे ऐकले, त्याने ते लिहिले. लक्ष्मण देशपांडे यांनी 'वऱ्हाड निघालंय लंडनला' लिहून ५२ व्यक्तिरेखा एकट्याने उभ्या केल्या, त्या मराठवाड्याच्या बोलीत. २००९ मध्ये ते गेले, तरी संदीप पाठक यांच्या मुखाने ते वऱ्हाड पुन्हा निघालेच. बोली रंगमंचावर आली म्हणून प्रेक्षक दुरावला नाही, उलट अधिक जवळ आला.

गणेशोत्सवात आपली मुले नकला करतात, प्रवेश बसवतात. आजीचा हेल, कारखान्यातून आलेल्या काकांचे गुजराती वळणाचे मराठी ती अचूक उचलतात. आपण टाळ्या देतो आणि विसरून जातो. त्या नकलाकारांच्या हाती वही द्यावी, असे आम्ही सुचवू. आपल्या घरांतली अहिराणी पिढीगणिक ओसरत आहे. नातवंडांना ती कळते, पण बोलता येत नाही. ती उद्या ऐकू यायची असेल, तर आज कोणीतरी ती ऐकून लिहायला हवी. नटाचा कान असलेले पोर आपल्यात नाही, असे आम्हांस मुळीच वाटत नाही.