खांद्याच्या हालचालीचे मोजमाप : एक चिकित्सक विचार
(विशेष संदर्भ : बारामती व इंदापूर तालुके)

प्रस्तावना

बारामती व इंदापूर तालुक्यांचे अर्थकारण प्रामुख्याने ऊस व फळबागा यांवर उभे आहे. माळेगाव, सोमेश्वर, भवानीनगर येथील सहकारी साखर कारखान्यांच्या गळीत हंगामात कोयत्याने ऊस तोडणे, मोळ्या बांधणे व त्या डोक्यावरून वाहनात भरणे ही कामे हातानेच होत आली आहेत. इंदापूर तालुक्यातील बोरी परिसरात द्राक्षांच्या मांडवाखाली छाटणी व विरळणी करताना हात तासन् तास खांद्याच्या वर धरावे लागतात. अशा परिसरात खांद्याच्या हालचालीची कक्षा मोजणे ही केवळ पाठ्यपुस्तकातील बाब राहत नाही. या मोजमापातून हाती येणारी संख्या कितपत विश्वसनीय असते, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

मोजमापाचे स्वरूप

भौतिकोपचारात यासाठी गोनिओमीटर हे कोनमापक वापरतात. त्याचा मध्यबिंदू सांध्याच्या अक्षावर, एक भुजा धडाच्या रेषेत व दुसरी दंडाच्या हाडाच्या रेषेत ठेवून कोन वाचला जातो. हात पूर्ण वर उचलण्याचे प्रमाण 180 अंश मानले जाते. साधन स्वस्त व सुटसुटीत आहे. दोष साधनात नसून त्याच्या संख्येवर ठेवल्या जाणाऱ्या भाबड्या विश्वासात आहे.

मर्यादांची चिकित्सा

पहिली मर्यादा अशी की, 180 अंश ही एका सांध्याची हालचाल नव्हे. इनमन, सॉन्डर्स व ॲबट यांनी 1944 मध्ये दाखवून दिले की, यातील सुमारे दोन तृतीयांश हालचाल खांद्याच्या मुख्य सांध्यात, तर उर्वरित खवाट्याच्या सरकण्यातून घडते. रुग्णाने पाठ मागे झुकवली, तरी अंश वाढतात. त्यामुळे धड व खवाटा स्थिर न करता घेतलेली नोंद आखडलेल्या सांध्यालाही निरोगी ठरवू शकते.

दुसरी मर्यादा हालचालीच्या प्रकाराची. स्नायुबंध फाटलेल्या रुग्णाला स्वतः हात उचलता येत नाही. मात्र तपासणाऱ्याने उचलल्यास तो बहुधा वर जातो. फ्रोझन शोल्डरमध्ये दोन्ही प्रकारे अडथळा येतो. केवळ ‘90 अंश’ अशी नोंद असल्यास हा भेद पुसला जातो आणि उपचारांची दिशा चुकू शकते.

तिसरी मर्यादा तपासणाऱ्याची. रिडल, रॉथस्टीन व लॅम्ब यांच्या 1987 च्या अभ्यासात एकाच तपासनिसाच्या मोजमापांत चांगला मेळ आढळला. परंतु दोन तपासनिसांमध्ये हात मागे नेणे व आत वळवणे या हालचालींबाबत तो बराच कमी होता. म्हणजेच आज एकाने व महिन्यानंतर दुसऱ्याने मोजल्यास काही अंशांचा फरक ही सुधारणा असेलच असे नाही.

चौथी मर्यादा प्रमाणाची. बून व अझेन यांचा 1979 चा बहुउद्धृत अभ्यास केवळ पुरुषांवर आधारित होता. मोळ्या बांधून वाहणाऱ्या ऊसतोड स्त्रीचा खांदा त्या प्रमाणाने तपासताना सावधगिरी आवश्यक ठरते. अशा वेळी तिच्याच दुसऱ्या, निरोगी खांद्याशी तुलना अधिक न्याय्य होय; अर्थात दोन्ही खांदे श्रमाने झिजले असल्यास तीही अपुरी पडते.

सामाजिक परिणाम

हा वाद केवळ तांत्रिक नाही. दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, 2016 नुसार आरक्षणासारख्या लाभांसाठी किमान 40 टक्के दिव्यांगत्व प्रमाणित व्हावे लागते. हातापायांच्या दिव्यांगत्वाची टक्केवारी ठरवताना स्नायूंच्या बळाबरोबर सांध्याच्या हालचालीतील घटही विचारात घेतली जाते. सीमारेषेवरील व्यक्तीच्या बाबतीत मोजण्यातील थोडी हयगय हक्क देऊ शकते किंवा हिरावून घेऊ शकते.

समारोप

बारामती येथे 2019 पासून शासकीय वैद्यकीय महाविद्यालय सुरू झाले आहे. परिसरातील वैद्यकीय शिक्षण व श्रमजीवन यांची सांगड घालण्यास ही अनुकूल परिस्थिती आहे. प्रत्येक नोंदीत रुग्णाची स्थिती, हालचालीचा प्रकार, वेदना कोठे सुरू झाली आणि तपासनीस कोण, एवढे तरी असावे. शक्यतो पुढील मोजमापही त्याच तपासनिसाने करावे. त्याच्या जोडीला मोळी डोक्यावर घेता येते का, मांडवापर्यंत हात पोहोचतो का, हे प्रश्न विचारले जावेत. अंश सांध्याची स्थिती सांगतात; मनुष्य पुन्हा कामावर उभा राहू शकेल का, हे केवळ अंशांवरून ठरवता येत नाही.