एक श्लोक, एक गाथा आणि जिल्हा परिषदेची शाळा

महाराष्ट्राच्या राज्य शैक्षणिक संशोधन व प्रशिक्षण परिषदेने मे २०२४ मध्ये शालेय शिक्षणाच्या राज्य अभ्यासक्रम आराखड्याचा मसुदा अभिप्रायासाठी प्रसिद्ध केला. त्यातील मूल्यशिक्षणाच्या प्रकरणात मनुस्मृतीतील एक श्लोक उद्धृत केलेला होता. शिवाय मनाचे श्लोक व भगवद्गीतेचा बारावा अध्याय पाठांतरासाठी सुचविण्यात आला होता. राज्यभर निषेध झाला. मनुस्मृतीला अभ्यासक्रमात स्थान मिळणार नाही, असे तत्कालीन शालेय शिक्षणमंत्री दीपक केसरकर यांनी सांगितले आणि वाद निवळला. तथापि वाद निवळणे म्हणजे प्रश्न सुटणे नव्हे. समर्थकांनी काय म्हटले आणि आपण त्यास काय उत्तर दिले, याची चिकित्सा अद्याप व्हावयाची आहे.

समर्थकांचा युक्तिवाद साधा होता. वडीलधाऱ्यांना नित्य अभिवादन करणाऱ्याची व वृद्धांची सेवा करणाऱ्याची आयुष्य, विद्या, यश आणि बळ ही चार वाढतात, एवढेच तो श्लोक सांगतो; त्यात कोणाचा अपमान कोठे आहे? केवळ ग्रंथाच्या नावावरून एवढा गदारोळ कशासाठी?

पालीच्या अभ्यासकास येथे थांबणे भाग आहे. याच आशयाची, जवळजवळ याच शब्दांची गाथा धम्मपदाच्या सहस्सवग्गात आहे. ती १०९ वी गाथा होय. तेथे वाढणाऱ्या चार गोष्टी आयु, वण्ण, सुख आणि बल अशा आहेत. भिक्खूंच्या अनुमोदनात ही चार नावे आमच्या वाचकांनी विहारात कितीदा तरी ऐकली असतील. महाभारताच्या उद्योगपर्वातही या वचनाचे एक रूप आढळते. अशी सुभाषिते प्राचीन भारतात एका परंपरेतून दुसरीत जात असत. म्हणून मूळ कोणाचे या भांडणात आम्ही पडत नाही. एकच वचन तीन ठिकाणी आले, तर त्याचा अर्थ त्या त्या ठिकाणावरून ठरतो, हा साहित्यचिकित्सेचा पहिला नियम मात्र येथे लावला पाहिजे.

मनुस्मृतीत हा श्लोक दुसऱ्या अध्यायात येतो. हा अध्याय उपनयन झालेल्या ब्रह्मचाऱ्याचे धर्म सांगतो. शूद्रास उपनयन नाही. स्त्रीस विवाह हेच उपनयन, असे हाच अध्याय म्हणतो. शूद्राच्या मुलाचे नाव निंदादर्शक असावे, हा नियमही याच अध्यायातला. भेटल्यावर कुशल विचारण्याचे शब्दसुद्धा चार वर्णांस चार निरनिराळे आहेत. अभिवादनाच्या श्लोकापासून थोड्याच अंतरावर दहा वर्षांचा ब्राह्मण व शंभर वर्षांचा क्षत्रिय यांस पिता-पुत्र समजावे आणि त्यांत पिता ब्राह्मण, असा निर्णय दिलेला आहे. तेव्हा श्लोकातील ‘वृद्ध’ कोण, हे वय ठरवीत नाही, वर्ण ठरवितो. ज्या शाळेच्या हजेरीपटावर मुलींची आणि बहुजनांच्या मुलांची नावे आहेत, त्या शाळेच्या दारावर हा श्लोक लावणे म्हणजे ज्यांना त्या अध्यायाने दाराबाहेर ठेवले त्यांच्याकडूनच त्याचे पठण करवून घेणे होय.

आता धम्मपदाकडे पाहू. केस पिकले म्हणून कोणी थेर होत नाही. सत्य, धम्म, अहिंसा व संयम ज्याच्या ठायी आहेत तोच थेर, असे धम्मपद पुढे धम्मट्ठवग्गात सांगते. विनयपिटकाच्या चुल्लवग्गातील प्रसंग तर अधिक बोलका आहे. पहिले आसन, पहिले पाणी, पहिली भिक्षा कोणास मिळावी, असे भगवंतांनी विचारले असता काही भिक्खू म्हणाले, क्षत्रिय कुळातून आलेल्यास. काही म्हणाले, ब्राह्मण कुळातून आलेल्यास. भगवंतांनी तित्तिर पक्षी, वानर आणि हत्ती यांची कथा सांगितली. आपल्यात वडील कोण, हे त्या तिघांनी एका वटवृक्षाच्या आठवणीवरून ठरविले. त्यानंतर ज्येष्ठतेनुसार मान देण्याचा नियम संघास घालून देण्यात आला आणि कुळाचा दावा निकालात निघाला. शब्द सारखे असूनही श्लोक आणि गाथा यांत एवढे अंतर आहे.

येथवर आमच्या वाचकांचे आमच्याशी एकमत असेल. मतभेदाचा भाग यापुढे आहे. मनुस्मृतीचा श्लोक काढा आणि त्या जागी धम्मपदाची गाथा घाला, अशी मागणी कोणाच्याही मनात सहज येईल. ती गाथा मानवतेची आहे, मग सर्वांच्या मुलांनी ती म्हणावयास हरकत कोणती? आमचे स्पष्ट मत असे की, ही मागणी आपण करू नये, आणि हे मत आम्ही बाबासाहेबांच्याच आधारावर मांडतो.

७ डिसेंबर १९४८ रोजी संविधान सभेत मसुद्याच्या कलम २२ वर, म्हणजे आजच्या कलम २८ वर, चर्चा झाली. शासकीय शाळांत धर्मशिक्षण का नको, याचे उत्तर देताना डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी उदाहरण घेतले ते जिल्हा किंवा लोकल बोर्डाच्या शाळेचे. बोर्ड कर वसूल करते तो हद्दीतील प्रत्येकाकडून. मग बहुसंख्य मुलांच्या धर्माचे शिक्षण त्या पैशातून दिले, तर इतरांना न मानलेल्या धर्मासाठी कर भरावा लागेल, असा त्यांचा मुद्दा होता. प्रत्येक धर्म आपलाच मार्ग खरा म्हणतो, तेव्हा असे शिक्षण शाळेची शांतता बिघडवील, हेही त्यांनी सांगितले. येथे त्यांनी कोणत्याही धर्मासाठी सवलत ठेवली नाही.

बुलढाणा जिल्ह्याने हा प्रश्न स्वातंत्र्यापूर्वीच पाहिला आहे. हा जिल्हा वऱ्हाडात, म्हणजे तेव्हाच्या मध्यप्रांत व वऱ्हाड प्रांतात होता. १९३७ नंतर रविशंकर शुक्ल यांनी त्या प्रांतात ‘विद्यामंदिर’ योजना आणली. हेतू खेड्यांत शाळा पोहोचविण्याचा होता. परंतु ‘मंदिर’ या एका शब्दावरून मुस्लिम समाजात तीव्र विरोध उठला. नावातील एका शब्दाने जर शाळा परकी वाटू शकते, तर पाठांतराने काय होईल, हे निराळे सांगावयास नको.

आज जिल्ह्याचे तेरा तालुके आहेत. शेगाव, मेहकर, लोणार, सिंदखेडराजा या गावांची श्रद्धास्थाने निरनिराळी आहेत आणि जिल्हा परिषदेच्या एकाच वर्गात बौद्ध, हिंदू, मुस्लिम मुले मांडीला मांडी लावून बसतात. मेहकरच्या बौद्ध मुलाला गीतेचा अध्याय म्हणावयास लावणे जर अन्याय असेल, तर त्याच्या शेजारच्या मुस्लिम मुलीला धम्मपदाची गाथा म्हणावयास लावणे हा न्याय कसा होईल? आपल्या संख्येच्या गावात आपण जे कराल, तेच इतरत्र आपल्या मुलांच्या वाट्यास येईल.

मग शाळेने धर्माविषयी मौन पाळावे काय? मुळीच नाही. त्याच दिवशी संविधान सभेत बाबासाहेबांनी मताग्रहाचे शिक्षण आणि अभ्यास या दोन भिन्न गोष्टी असल्याचे स्पष्ट केले होते. पुढे २००२ मध्ये अरुणा रॉय प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानेही धर्मांविषयीच्या माहितीस कलम २८ ची आडकाठी नाही, असा निर्णय दिला. येथे सावधपण हवे. माहितीच्या नावाने पठण आत येते आणि पठणाच्या वेळी हात जोडावे लागतात. नाशिक येथील एका शिक्षकाने शाळेच्या प्रार्थनेत हात जोडण्यास नकार दिला, तेव्हा त्याच्यावर सक्ती करता येणार नाही हे सांगण्यासाठी २०१३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयास निकाल द्यावा लागला. शिक्षक न्यायालयात जाऊ शकतो. तिसरीतले मूल कोठे जाईल?

कसोटी सोपी आहे. ज्या पाठावर मुलाला प्रश्न विचारता येतो तो अभ्यास. ज्यावर फक्त हात जोडता येतात ते धर्मशिक्षण. या कसोटीवर आमची मागणी अशी की, श्लोक आणि गाथा दोन्ही परिपाठातून दूर ठेवावेत. मात्र वरच्या वर्गांत इतिहासाच्या तासाला ते खुशाल शेजारी शेजारी ठेवावेत. ‘वृद्ध’ कोणास म्हटले आहे, शिकण्याचा अधिकार कोणास होता, हे विद्यार्थ्यांनी स्वतः शोधावे. २५ डिसेंबर १९२७ रोजी महाडला मनुस्मृती का जाळली गेली, याचे उत्तर त्यांना या वाचनातून मिळेल. आणि ते कोणी पाठ करवून घेतलेले नसल्यामुळे त्यांचे स्वतःचे असेल.

विहारात गाथा म्हणण्यास आपल्याला कोणाची परवानगी लागत नाही. मुलांना ती तेथे शिकवावी, अर्थासह शिकवावी. धम्म एहिपस्सिक आहे, या आणि पाहा असे म्हणणारा आहे. हजेरी घेऊन त्याचे पठण करवून घेतल्यास तो धम्म उरत नाही. जिल्हा परिषदेच्या शाळेत मुलांना सर्वांच्या करातून मिळालेली बुद्धीची मोकळीक मिळावी, आणि तिचे राखण आपण आपल्या ग्रंथापासूनही करावे.